कारभारीमामाची घागर

गोकुळनं भर कोर्टात शपथ घेऊन आपल्या मेलेल्या बापाले खोटं पाडलं. बाकीचं सारं नंतर सांगते, पण हे पहिले ऐकून घ्या, कारण त्या दिवशी माह्या डोक्यात जे पेटलं ते अजून इझलं नाही.

मी सिंधू. लोणारच्या बसस्टँडसमोर माहं शिलाईचं दुकान हाये. शाळेचे गणवेश, ब्लाउज, पिको, फॉल, जे येईल ते. दुकान माह्या बापानं, दयारामनं, भाड्यानं घेतलं तेव्हा मी फ्रॉकात होते. पुढं लग्न झालं, नवऱ्याचं अन् माहं पटलं नाही, मी परत आले, बापाच्या मशीनवर बसले ते उठलेच नाही. बाप गेला, आई गेली, मशीन अन् दुकान राह्यलं. मागच्या खोलीत मी झोपते, पुढच्या खोलीत कमावते. म्हणून कोणी शहाणपणानं सांगतलं की सिंधूताई, एवढं काय, दुसरीकडं जागा पाहा, तं माहं टाळकं सरकतं. दुसरीकडं काय पाहू? माहं घर तेच, पोट तेच.

दुकानापुढं, भिंतीपासून वीतभर सोडून, एक ओटा हाये. कमरेएवढा, विटा-सिमेंटाचा. त्याच्यावर दोन रांजण. दर उन्हाळ्यात आमची पाणपोई चालते. चौदा एप्रिलले, बाबासाहेबांच्या जयंतीले, सुरू होते ती पाऊस पडेपर्यंत. बापानं सुरू केली, मी चालवते. गोकुळचा अन् माहा सारा दावा या ओट्यावर उभा राह्यला, म्हणून ओट्याचं सांगते.

पहिल्या वर्षी बापानं रांजण नुसत्या विटा रचून ठेवला होता. बसमधून उतरलेली माणसं तहानेनं कासावीस, रांजणापाशी येत, दुकानातला बाबासाहेबांचा फोटो पाहत, अन् ओठांवरून जीभ फिरवत पुढं निघून जात. कोणी वाईट बोलत नव्हतं. बोलायची गरजच नव्हती. बाप बी काही बोलत नव्हता. रोज सकाळी रांजण घासायचा, भरायचा, अन् संध्याकाळी तेच पाणी लिंबाच्या झाडाले घालायचा. मी लहान होते, पण मले ते कळत होतं. लहान लेकरांले अशा गोष्टी लवकर कळतात.

दुकानाचे मालक कारभारीमामा. नात्याचे नाही, पण आम्ही मामाच म्हणायचो, अन् त्यायच्या बायकोले, रुखमाबाईले, मामी. शेतीवाडी मोठी, गावात शब्दाले वजन. एक दिवस मामा आपल्या घरचा गवंडी घेऊन आले. बापाले म्हणाले, दयाराम, जरा बाजूले हो. त्यायनंच जागा दाखवली, त्यायनंच विटा आणल्या, अन् हा ओटा बांधून घेतला. त्यायचा पोरगा गोकुळ तेव्हा शाळेत जायचा. तो विटा उचलून देत होता. मधातच त्यानं कालवलेल्या सिमेंटात दोन्ही हात घातले म्हणून मामीनं त्याच्या गालावर एक ठेवून देली, ती मी माह्या डोळ्यानं पाह्यली.

ओटा सुकला. बाजाराच्या दिवशी मामा आले, रांजणातून गडवा भरला, रस्त्याच्या मधात उभे राह्यले अन् घटाघटा पेले. मिशा पुसल्या अन् घरी गेले. भाषण नाही, फोटो नाही, काही नाही. पण त्या दिवसापासून आमच्या रांजणाले पाणी पुरलं नाही. बाप दिवसातून कितीदा पाणी वाहायचा अन् हसायचा. माह्या बापाले मी इतकं हसताना फार कमी पाह्यलं.

मामा गेले तेव्हा मामीले सांगून गेले, माही घागर त्या ओट्यावर भरत जा. आखितीले, म्हणजे अक्षय तृतीयेले, गेलेल्या माणसाच्या नावानं पाण्याची घागर भरतात. आम्ही बौद्ध, आमच्यात हे नाही. पण मामी दरसाल यायची. नवी मातीची घागर, वर एक आंबा. घागर ओट्यावर टेकवायची, हात जोडायची, अन् ते पाणी रांजणात ओतायची. आमचं रांजण, तिची घागर. दोन्ही पाणी एक झालं की आल्यागेल्यानं प्यायचं. याच्यात कोणाले कधी अडचण वाटली नाही.

अन् नाव मी घ्यायचे. मामी जुन्या वळणाची. नवऱ्याचं नाव तिनं जन्मात तोंडातून काढलं नाही. 'हे' म्हणायची, 'गोकुळचे बाबा' म्हणायची, नाहीतर नुसती मान वर करायची. बँकेत, दवाखान्यात, कुठंही नाव सांगायची पाळी आली की बाजूच्या माणसाकडं पाहायची. तशी ती घागर ठेवली की माह्याकडं पाहायची. मी म्हणायचे, कारभारीमामाच्या नावानं, अन् ती पाणी ओतायची. कधीमधी गोकुळ बी यायचा. ओट्याले हात लावून पाया पडायचा. हो, हाच गोकुळ. वाकून पाया पडायचा.

मंग सरोवर पाहाले बाहेरची माणसं जास्त येऊ लागली अन् गोकुळच्या डोक्यात लॉज शिरलं. बसस्टँडसमोरची जागा, खाली हॉटेल, वर खोल्या. माहं दुकान मधात. पहिले गोड बोलला, ताई तुमची सोय करून देतो म्हणाला. कुठं, ते सांगतलं नाही. मी नाही म्हटलं तं कोर्टाची नोटीस आली. त्यात दोन गोष्टी. एक, त्याले धंद्यासाठी जागा लागते. दुसरी, भाडेकरणीनं मालकाच्या लेखी परवानगीशिवाय पक्कं बांधकाम केलं, म्हणून जागा खाली करून द्यावी.

बांधकाम म्हणजे कोणतं? तर हा ओटा.

मले पहिले हसूच आलं. म्हटलं, हे तं कोर्ट फेकूनच देईल. पण गोकुळ उभा राह्यला अन् शपथेवर सांगतलं, की हा ओटा कोणी बांधला, कधी बांधला, आपल्याले काहीच माहीत नाही, नोकरीवरून गावात परत आलो तेव्हा पहिल्यांदा दिसला, वडिलांनी अशी परवानगी कधी देली नाही अन् ते देणारे बी नव्हते. देणारे नव्हते! ज्या माणसानं रस्त्यात उभं राहून आमच्या रांजणातलं पाणी पेलं, त्या माणसाबद्दल त्याचा पोरगा सांगतो की ते देणारे नव्हते. माही कानशिलं तापली. मी तिथंच ओरडले असते, पण कोर्टात ओरडता येत नाही. खोटं बोलता येतं, ओरडता येत नाही.

तेव्हाचे माहे वकील म्हातारे होते, सज्जन होते. म्हणाले, बाई, तुमच्या एकटीच्या सांगण्यानं भागत नाही, ओटा बांधताना पाह्यलेला कोणी साक्षीदार आणा. आता आणू कुठून? मामा गेले, बाप गेला, गवंडी गेला. जिवंत दोघंच, एक गोकुळ अन् एक मामी. वकील म्हणाले, मग त्या बाईला बोलवा, घागरीचं सांगू द्या. मी साफ नाही म्हटलं. मेलेल्या माणसाची घागर कोर्टात नेऊ? तिच्या पोटच्या पोराच्या विरोधात तिले पिंजऱ्यात उभी करू? जिथं पहिलाच प्रश्न विचारतात नवऱ्याचं नाव काय, तिथं? घागरीचं एक अक्षर तोंडातून काढायचं नाही, असं मीच वकिलाले बजावलं. आमच्याकडं असं करत नाहीत. कोणी घरात अन्न खाऊन जातं, कोणी ओट्यावर घागर भरून जातं, ते आपण बाजारात मांडत नाही. गोकुळले हे पक्कं माहीत होतं. माही जीभ उचलणार नाही, या भरवशावरच त्यानं शपथ घेतली होती.

खालच्या कोर्टात मी हरले. धंद्याची गरज कोर्टानं मानली नाही, पण ओटा मानला. पक्कं बांधकाम, लेखी परवानगी नाही, जागा खाली करा. निकाल ऐकून मी दुकानात आले, मशीनवर बसले, अन् एका पोरीच्या गणवेशाची बाही उलटी लावली. इतक्या वर्षांत असं झालं नव्हतं.

कोणीतरी मंजुश्री वकीलबाईचं नाव सांगतलं. बुलढाण्याले वकिली करते, आपल्या संग्रामपूरकडची पोरगी. कागद वाचता वाचता तिच्या कपाळाले आठ्या पडत गेल्या. ओट्याचं, मामाचं, घागरीचं सारं मी तिले सांगतलं. तिनं पेन खाली ठेवलं.

"ताई, हे खाली का नाही सांगितलं?"

मी कारण सांगतलं. ती रागावली नाही, तिनं समजावून सांगतलं. अपील म्हणजे नवा डाव नाही म्हणाली. खालच्या कोर्टात जे मांडलं, तेच वरचं कोर्ट पुन्हा तपासतं. जे तुम्हाले माहीत होतं अन् तुम्ही मांडलं नाही, ते वर मांडायले सहज परवानगी मिळत नाही. समोरचा विचारणारच, तेव्हा गप काऊन बसल्या. म्हणजे पाहा, लबाड माणसानं बोललेलं सारं कागदावर, अन् आपण माणुसकीनं गिळलेलं कुठंच नाही. तिनं अपील दाखल केलं, निकाल लागेपर्यंत मले बाहेर काढू नये असा हुकूम घेतला, अन् नव्या पुराव्यासाठी एक अर्ज बी केला. जमलं तं जमलं म्हणाली.

तारखा पडत गेल्या. मी दुकान बंद करून बुलढाण्याले जायची, डब्यातली भाकर कोर्टाच्या आवारात खायची, अन् नवी तारीख घेऊन परत यायची. गोकुळ आपल्या गाडीनं यायचा. एकदा फाटकात समोरासमोर आलो तं मले म्हणतो, ताई, माह्यासंगं गाडीत चला, एकाच गावाले तं जायचं हाये. निर्लज्जपणाले बी काही हद्द असते. मी बसनं आले.

अर्जावर बोलणं झालं त्या दिवशी गोकुळचा वकील उभा राह्यला. म्हणाला, ही हरल्यावर सुचलेली कहाणी हाये. एवढा मोठा पुरावा होता तर बाई खाली तोंड शिवून का बसल्या होत्या? तोंड शिवून म्हणे, मले, शिलाईवालीले. मी उठायले लागले तं मंजुश्रीनं पदर ओढला. जज साहेबांनी दोघांचं ऐकलं. म्हणाले, अर्जाचं नंतर पाहू. पण हे बांधकाम पक्कं की कच्चं, इमारतीला जोडलेलं की वेगळं, हे खाली कोणी जागेवर जाऊन पाहिलेलंच नाही. त्यांनी कोर्ट कमिशनर नेमला, म्हणजे एक तिऱ्हाईत वकील, जो जागा पाहील, मोजेल, कोणाले विचारायचं ते विचारेल अन् कोर्टाले लिहून देईल.

कमिशनर साहेबांनी सुट्ट्या लागायच्या आधीची एक तारीख देली. दोन्ही वकिलांनी मान हलवली. गावात आल्यावर माह्या ध्यानात आलं, ती आखिती होती.

गोकुळच्या बी ध्यानात आलं असणार. त्यानं तारीख बदलायची खटपट केली, कमिशनरनं ऐकलं नाही. मंग माह्या कानावर आलं की गोकुळनं आईले सांगतलं, यंदा घागर घरीच भरायची, देवघरापुढं, ऊन लय हाये. उन्हाची काळजी! इतकी वर्षं ऊन नव्हतं जसं. मी उठून मामीकडं जायले निघाले होते. चपला घातल्या होत्या. तेवढ्यात मंजुश्रीचा फोन आला. म्हणाली, ताई, त्या आजींना भेटायचं नाही, निरोप पाठवायचा नाही, रस्त्यात दिसल्या तरी बोलायचं नाही. तुम्ही शिकवलं असं एकदा दिसलं की संपलं. मी चपला काढल्या अन् दारात बसून राह्यले. दोन घरांच्या मधात एक गल्ली, अन् मी जन्मभर ज्या बाईशी बोलले तिच्याशी मले बोलता येत नव्हतं. मले गोकुळचा राग आला, कोर्टाचा आला, अन् खरं सांगते, मामीचा बी आला. म्हटलं, तुही घागर मी इतकी वर्षं सांभाळली, तुले पोरापुढं एक शब्द बोलता येत नाही?

आखितीच्या दिवशी कमिशनर साहेब टेप घेऊन आले. संगं मंजुश्री, गोकुळचा वकील, अन् पांढरा कडक शर्ट घातलेला गोकुळ. बसस्टँडवरची रिकामी माणसं गोळा झाली. साहेबांनी ओट्याची लांबी मोजली, रुंदी मोजली, भिंत अन् ओट्याच्या मधातल्या फटीत हात घालून पाह्यला. ती फट एवढी हाये की माही मांजर तिच्यातून जाते. गोकुळचा वकील म्हणत होता, सिमेंट पाहा, पाया पाहा, हे पक्कंच बांधकाम. मंजुश्री म्हणत होती, भिंतीला कुठं टेकलंय दाखवा. मी रांजणाजवळ उभी होते अन् गल्लीकडं पाहत होते. पाहायचं नाही म्हटलं तरी मान तिकडंच वळत होती.

अन् मामी आली.

डोक्यावर पदर, पायात चप्पल नाही, कमरेवर नवी घागर. डांबर असं तापलं होतं की चपलेच्या तळातून चटका लागत होता. गोकुळ धावतच गेला. हळू आवाजात म्हणू लागला, आई, सकाळी घरी भरली ना, आता पुन्हा कायची, घरी चल. मामी थांबली नाही. त्यानं घागरीले हात घातला तं तिनं घागर या कमरेवरून त्या कमरेवर घेतली अन् चालत राह्यली. ओट्यापाशी आली, घागर टेकवली, वरचा आंबा नीट बसवला.

कमिशनर साहेबांनी विचारलं, आजी, हे काय आहे? मामीनं तोंड उघडायच्या आत गोकुळ मधात आला.

"साहेब, ही माझी आई. वयानं डोकं ठिकाणावर नाही तिचं. काय करते तिलाच कळत नाही. तुम्ही मोजून घ्या."

माह्या अंगाचा तिळपापड झाला. डोकं ठिकाणावर नाही म्हणे! त्याच्याच घरच्या दाण्यापाण्याचा, दूधदुभत्याचा सारा हिशेब आजही या बाईच्या तोंडी. मागच्याच महिन्यात ब्लाउजची बाही बोटभर सैल झाली म्हणून तिनं माही खरडपट्टी काढली होती. अन् हा चारचौघात तिले येडी ठरवतो, एका लॉजसाठी.

मामीनं ते ऐकलं. ती हात जोडून उभी राह्यली अन् दरसालासारखं तिनं माह्याकडं पाह्यलं. नाव घे म्हणून.

माहं तोंड उघडलंच होतं. मंजुश्रीनं माहं मनगट असं धरलं की बांगडी रुतली. कानात म्हणाली, ताई, एक शब्द नाही. मामी पाहतच राह्यली. मी मान खाली घातली. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मी तिले तिच्या नवऱ्याचं नाव उसनं देलं नाही. त्यावेळी मले जी शरम वाटली, ती गोकुळच्या वाट्याची होती, पण वाटली मले.

कमिशनर साहेब वाकून म्हणाले, आजी, घागर कोणाच्या नावानं?

मामी म्हणाली, यायच्या.

यांच्या म्हणजे? नाव काय त्यांचं?

मामी गप. अन् तेव्हा गोकुळ हसला. खरंच हसला. म्हणाला, "बघा साहेब, नवऱ्याचं नावसुद्धा आठवत नाही."

ज्या रीतीनं त्याची आई साठ वर्षं जगली, जी रीत पाहत तो लहानाचा मोठा झाला, तिचंच त्यानं येडेपण करून दाखवलं. मी त्याले तिथं चपलेनं मारलं असतं. पण माह्याआधी मामी बोलली. आवाज मोठा नव्हता, पण सारं स्टँड ऐकत होतं.

"कारभारी," ती म्हणाली. "कारभारी तुळशीराम. माहे मालक. हा ओटा त्यायनं बांधला. गवंडी आमच्या घरचा होता, इटा आमच्या होत्या, अन् हा गोक्या इटा देत होता. सिमेंटात हात घातले म्हणून म्या मारलं होतं त्याले. इचारा त्याले, कोणत्या गालावर."

गोकुळचा वकील लगेच बोलला, हे लिहू नका साहेब, हरकत आहे. कमिशनर म्हणाले, तुमची हरकतही लिहितो अन् आजी बोलल्या तेही लिहितो. त्यांनी मामीले खुर्ची मागवली, शांतपणे चार-दोन प्रश्न विचारले, कोणतं साल, कोणता ऋतू, पोरगा केवढा होता, घरात जनावरं किती. मामीनं बैलांची नावं बी सांगतली. साहेबांनी वाचून दाखवलं, तिचा अंगठा घेतला. मंग मामी उठली, घागर उचलली अन् रांजणात पाणी ओतलं. एवढा वेळ थांबलेला एक बसचा ड्रायव्हर पुढं आला अन् त्यानं गडवा भरून घेतला.

वरच्या कोर्टानं नव्या पुराव्याचा अर्ज मंजूर केला, कमिशनरचा कागद धरला अन् खालचा निकाल फिरवला. मंजुश्रीनं मले सोप्या भाषेत सांगतलं. ओटा मालकानं स्वतः बांधलेला, भाडेकरूनं बांधलाच नाही, तर परवानगी लेखी की तोंडी हा प्रश्नच उरत नाही. शिवाय तो इमारतीला जोडलेला बी नाही. गोकुळच्या शपथेवर बी जज साहेबांनी दोन ओळी लिहिल्या हायेत, त्या तिनं मले दोनदा वाचून दाखवल्या, कारण मी दोनदा वाचायले लावल्या. माहं दुकान राह्यलं. मी पेढे वाटले नाही. जीव भांड्यात पडला, पण पेढे वाटायची इच्छा झाली नाही. त्याचं कारण ऐका.

निकालाच्या आधीच गोकुळनं मामीचं गाठोडं बांधलं होतं. सुलतानपूरले तिची पोरगी पुष्पांजली देलेली हाये, तिथं नेऊन सोडलं. आईले हवापालट पाहिजे म्हणाला. हवापालट! तीन-चार कोसांवर अशी कोणती हवा बदलते? मामी जाताना मले भेटायले आली नाही, तिले येऊ देलं नाही. पुष्पांजली बिचारी चांगली हाये, पण तिच्या सासरचं घर लहान, म्हातारी ओसरीत झोपते. अन् आता ऐकते की गोकुळ नागपूरले हायकोर्टात जाऊन राह्यला, अन् तिथं द्यायले आईच्या डोक्याबद्दल डॉक्टरचा कागद शोधून राह्यला.

माहं दुकान भाड्याचं. मले बाहेर काढायले गोकुळले कोर्टात जावं लागलं, साक्षी लागल्या, निकाल लागला, त्याच्यावर अपील झालं, तरी त्याले जमलं नाही. अन् जिच्या नवऱ्यानं ते घर बांधलं, जिचं सारं आयुष्य त्या घरात गेलं, तिले बाहेर काढायले त्याले एक रिक्षा लागली. नोटीस नाही, तारीख नाही, काही नाही. मी मंजुश्रीले विचारलं तं ती म्हणाली, म्हाताऱ्या आईबापांसाठी बी कायदा हाये, आजींनी अर्ज करावा, मी फुकट लढते. मी सुलतानपूरले गेले, मामीले सांगतलं. ती माह्या हातातल्या पिशवीकडं पाहत राह्यली. म्हणाली, पोराच्या विरोधात मी एकदा बोलली, सिंधू, आता पुन्हा बोलायले सांगू नको. मी भांडले तिच्याशी. तिच्या ओसरीत बसून तिच्याशीच भांडले. काही उपयोग झाला नाही.

यंदाच्या आखितीले मी सकाळीच रांजण घासून भरले अन् मशीनवर बसले. वाट पाहायची नाही असं ठरवलं होतं. सुलतानपूरची एसटी लागली अन् कंडक्टरनं हात धरून मामीले उतरवलं. घागर तिनं मांडीवर ठेवून आणली होती, वर लुगड्याचा पदर बांधून. मी रस्ता ओलांडून गेले, घागर घेऊ लागले तं देली नाही.

ओट्यावर तिनं घागर टेकवली, आंबा ठेवला, हात जोडले. सवयीनं माहं तोंड उघडलं, नाव घ्यायले. मामीनं हातानं मले थांबवलं. गल्लीच्या तोंडाशी तिचं घर दिसतं, माडीची खिडकी उघडी होती. तिकडं पाहून ती मोठ्यानं म्हणाली, "कारभारी तुळशीरामच्या नावानं," अन् तिनं पाणी ओतलं.

खिडकीत कोणी आलं नाही. मी तिले पहिला गडवा भरून देला, तिनं तो उभ्यानंच पेला. मंग दुपारची गाडी लागली अन् ती सुलतानपूरले परत गेली.